सयाजी शिंदे

सयाजी शिंदे (जन्म : १३ जानेवारी १९५९, वेळे-कामथी, जिल्हा सातारा) हे मराठी रंगभूमीवरील तसेच मराठी, हिंदी, तेलुगू, तमिळ आणि अन्य भारतीय भाषांतील चित्रपटांत काम करणारे अभिनेते आहेत. वामन केंद्रे दिग्दर्शित ‘झुलवा’ (१९८७) या नाटकाने त्यांना नट म्हणून ओळख मिळवून दिली. ‘शूल’ (१९९९) या हिंदी चित्रपटातील बच्चू यादव ही खलभूमिका आणि ‘भारती’ (२०००) या तमिळ चित्रपटातील महाकवी सुब्रह्मण्य भारती ही नायकाची भूमिका या दोन भूमिकांमुळे ते देशभर परिचित झाले. एका वर्षाच्या अंतराने आलेल्या या दोन भूमिका स्वभावाने परस्परांच्या अगदी विरुद्ध टोकाच्या आहेत. अभिनयाबरोबरच ‘सह्याद्री देवराई’ या वृक्षलागवडीच्या उपक्रमाचे प्रवर्तक म्हणूनही ते ओळखले जातात. या उपक्रमाचे एक महत्त्वाचे केंद्र बीड शहराजवळील पालवण येथे असून तेथे फेब्रुवारी २०२० मध्ये वृक्षसंमेलन भरले होते.

प्रारंभिक जीवन

सयाजी शिंदे यांचा जन्म सातारा तालुक्यातील वेळे-कामथी या लहानशा गावात एका शेतकरी कुटुंबात झाला. घरात नाटकाची किंवा चित्रपटाची कोणतीही परंपरा नव्हती. मराठी हा विषय घेऊन त्यांनी पदवी संपादन केली. शिक्षण चालू असतानाच त्यांनी महाराष्ट्र शासनाच्या पाटबंधारे खात्यात रात्रपाळीचे पहारेकरी म्हणून नोकरी धरली. त्या वेळी त्यांचे मासिक वेतन १६५ रुपये होते.

इ.स. १९७८ च्या सुमारास त्यांनी मराठी एकांकिकांतून अभिनयास आरंभ केला. महाराष्ट्रातील तालुक्याच्या व जिल्ह्याच्या गावी नट घडतो तो बहुधा एकांकिका स्पर्धा, हौशी नाट्यसंस्था आणि गणेशोत्सवातील प्रयोग यांतून. मोजके नेपथ्य, अपुरा प्रकाश आणि समोर ओळखीचा प्रेक्षक अशा परिस्थितीत नटाला आवाज आणि देहबोली यांवरच भिस्त ठेवावी लागते. शिंदे यांच्या अभिनयातील खणखणीत शब्दोच्चार आणि शरीराचा मोकळा वापर यांची मुळे या हौशी रंगभूमीत शोधता येतात. पुढे व्यावसायिक संधीच्या शोधात ते मुंबईस आले.

रंगभूमी

झुलवा

शिंदे यांच्या नाट्यजीवनाला कलाटणी मिळाली ती ‘झुलवा’ या नाटकामुळे. मूळ ‘झुलवा’ ही उत्तम बंडू तुपे यांची कादंबरी आहे. तुपे हेही सातारा जिल्ह्याचेच. ‘काट्यावरची पोटं’ या आत्मकथनामुळे ते दलित साहित्यातील महत्त्वाचे लेखक मानले जातात. या कादंबरीचे नाट्यरूपांतर चेतन दातार यांनी केले आणि दिग्दर्शन वामन केंद्रे यांनी केले.

केंद्रे हे मूळचे बीड जिल्ह्यातील दरडवाडी या गावचे. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयातून प्रशिक्षण घेऊन ते महाराष्ट्रात परतले होते. पुढे २०१३ ते २०१८ या काळात ते त्याच संस्थेचे संचालक झाले आणि २०१९ मध्ये त्यांना पद्मश्री किताब मिळाला. सातारा जिल्ह्यातील लेखकाची कथा, त्याच जिल्ह्यातील नट आणि बीड जिल्ह्यातील दिग्दर्शक असा हा योग होता. मुंबई-पुण्याच्या मध्यमवर्गीय घरांत रमलेल्या तत्कालीन मराठी नाटकात ग्रामीण आणि वंचित समाजाचे जगणे त्याच्या स्वतःच्या बोलीसह उभे राहिले, हे या नाटकाचे वेगळेपण होय.

नाटकाचा विषय यल्लम्मा देवीला वाहिलेल्या जोगतिणी आणि जोगते यांच्या जीवनाचा आहे. बेळगाव जिल्ह्यातील सौंदत्ती येथील यल्लम्मा ही महाराष्ट्र-कर्नाटक सीमाभागातील लोकदेवता आहे. नवस फेडण्यासाठी मुली तिला सोडण्याची प्रथा या भागात दीर्घकाळ चालू होती. देवीला सोडलेल्या मुलीचे रीतसर लग्न होत नसे. तिचा एखाद्या पुरुषाशी संबंध जोडून देण्याचा जो विधी केला जाई, त्याला ‘झुलवा लावणे’ असे म्हणत. कर्नाटक शासनाने १९८२ मध्ये देवदासी समर्पणास बंदी करणारा कायदा केला. त्यानंतर पाचच वर्षांनी हे नाटक रंगमंचावर आले. त्यामुळे प्रेक्षकांच्या दृष्टीने हा विषय इतिहासजमा झालेला नव्हता. तो त्यांच्या काळातला आणि त्यांच्याच आसपासच्या मुलखातला होता.

या नाटकात शिंदे यांनी जोगत्याची भूमिका केली. जोगता हा देवीला वाहिलेला पुरुष असतो. काही जोगते लुगडे नेसून, डोक्यावर देवीचा जग घेऊन जोगवा मागत फिरतात. अशा व्यक्तिरेखेचे रंगमंचावर हास्यास्पद चित्र होण्याचा धोका असतो. बाईपणाचे हावभाव वरवर उचलले की प्रेक्षक हसतो आणि त्या माणसाची घुसमट मागे पडते. ही घुसमट हाच भूमिकेचा गाभा असल्यामुळे नटाची येथे खरी कसोटी लागते. शिंदे यांची भूमिका नाट्यवर्तुळात नावाजली गेली आणि त्यांचे नाव रसिकांना परिचित झाले. याच नाटकातील सुकन्या कुलकर्णी (पुढे सुकन्या मोने) यांची भूमिकाही गाजली.

इतर नाटके

‘झुलवा’नंतर शिंदे यांनी ‘आमच्या या घरात’ यांसारख्या नाटकांतून भूमिका केल्या. विजय तेंडुलकर यांच्या ‘सखाराम बाइंडर’ या नाटकातील सखारामही त्यांनी साकारला. हे नाटक १९७२ मध्ये कमलाकर सारंग यांच्या दिग्दर्शनाखाली प्रथम रंगमंचावर आले, तेव्हा निळू फुले यांनी सखारामची, लालन सारंग यांनी चंपाची आणि कुसुम कुलकर्णी यांनी लक्ष्मीची भूमिका केली होती. नवऱ्यांनी टाकलेल्या स्त्रियांना एकामागून एक आपल्या घरी आणून ठेवणारा, उद्धट पण स्वतःपुरता प्रामाणिक असा हा पुस्तकबांधणी कामगार. रंगभूमी परिनिरीक्षण मंडळाने या नाटकावर आक्षेप घेतले. प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात गेले आणि निकाल नाटकाच्या बाजूने लागला.

निळू फुले यांच्या भूमिकेची आठवण ताजी असलेल्या प्रेक्षकासमोर सखाराम उभा करणे हे कोणत्याही नटासाठी अवघड काम होते. दोघांच्या वाटचालीत साम्यही आहे. दोघेही सामान्य पार्श्वभूमीतून आले, दोघांनाही चित्रपटाने मुख्यतः खलनायक म्हणून वापरले आणि दोघांच्याही अभिनयाची खोली रंगभूमीवर अधिक स्पष्ट दिसली. चित्रपटांत दीर्घ काळ व्यतीत केल्यानंतर २०२५ मध्ये शिंदे पुन्हा याच नाटकाच्या निमित्ताने रंगभूमीवर परतले. या नव्या संचाचे दिग्दर्शन अभिजित झुंजारराव यांनी केले.

चित्रपट कारकीर्द

प्रारंभ आणि ‘शूल’

‘अबोली’ (१९९५) हा शिंदे यांचा आरंभीचा मराठी चित्रपट. हिंदी चित्रपटसृष्टीत त्यांचे नाव झाले ते मात्र ‘शूल’मुळे. अभिनेते मनोज बाजपेयी यांनी शिंदे यांचे रंगभूमीवरील काम पाहिले होते. त्यांनीच चित्रपटाचे निर्माते रामगोपाल वर्मा यांना शिंदे यांचे नाव सुचवले. ई. निवास दिग्दर्शित हा चित्रपट नोव्हेंबर १९९९ मध्ये प्रदर्शित झाला. बिहारमधील मोतीहारी येथे बदलून आलेला प्रामाणिक पोलीस अधिकारी समर प्रताप सिंह (मनोज बाजपेयी) आणि त्या भागावर सत्ता गाजवणारा आमदार बच्चू यादव यांच्यातील संघर्ष हा चित्रपटाचा विषय आहे. या संघर्षाचा शेवट थेट विधानसभेच्या सभागृहात होतो.

साताऱ्याच्या मातीत वाढलेल्या नटाने बिहारी राजकारण्याची बोली, चाल आणि बसण्या-उठण्याची ढब आत्मसात करणे हे या भूमिकेतील पहिले आव्हान होते. हिंदी चित्रपटातील रूढ खलनायक भडक वेशात वावरत असे आणि ठाशीव संवाद फेकत असे. बच्चू यादव तसा नाही. तो घरगुती वाटतो, हसतो, जवळच्या माणसांशी गप्पा मारतो आणि त्याच सहजतेने माणूस मारण्याचा हुकूम देतो. क्रौर्याला लाभलेला हा नित्याचा, कारभारी सूर प्रेक्षकांच्या लक्षात राहिला. ‘शूल’ला सर्वोत्कृष्ट हिंदी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

भारती

‘शूल’ पाठोपाठ शिंदे यांना मिळालेली भूमिका सर्वस्वी वेगळी होती. ज्ञान राजशेखरन यांनी तमिळ महाकवी सुब्रह्मण्य भारती यांच्या जीवनावर ‘भारती’ हा चित्रपट दिग्दर्शित केला आणि मुख्य भूमिकेसाठी शिंदे यांची निवड केली. चित्रपटाला इळैयराजा यांचे संगीत असून कवीची पत्नी चेल्लम्मा हिची भूमिका देवयानी यांनी केली आहे.

सुब्रह्मण्य भारती (१८८२–१९२१) यांचे तमिळ समाजातील स्थान लक्षात घेतले म्हणजे या निवडीतील धाडस कळते. एट्टयपुरम येथे जन्मलेला हा कवी राष्ट्रीय चळवळीचा उद्गाता, ‘इंडिया’ या साप्ताहिकाचा संपादक आणि जातिभेदाचा कडवा विरोधक होता. १९०७ च्या सुरत काँग्रेसला ते उपस्थित होते आणि लोकमान्य टिळकांच्या जहाल पक्षाचे ते अनुयायी होते. इंग्रज सरकारचा ससेमिरा चुकवण्यासाठी १९०८ ते १९१८ अशी दहा वर्षे त्यांनी फ्रेंचांच्या ताब्यातील पुदुच्चेरीत काढली. अवघ्या अडतिसाव्या वर्षी, दारिद्र्यात त्यांचा मृत्यू झाला. शाळकरी मुलांनाही ज्याची पगडी आणि मिशा परिचित आहेत असा हा कवी एका परभाषक, त्यातही खलनायक म्हणून गाजलेल्या नटाने साकारायचा होता.

शिंदे यांचे बाह्यरूप कवीच्या प्रचलित छायाचित्राशी जुळणारे होते. परंतु भूमिकेचे यश केवळ साधर्म्यावर अवलंबून नव्हते. घरात तांदळाचा दाणा नसताना चिमण्यांना धान्य टाकणारा, स्वतःच्या ज्ञातीचा रोष पत्करणारा, बायकोच्या व्यवहारी काळजीपुढे निरुत्तर होणारा आणि तरीही आपल्या शब्दांच्या धुंदीत जगणारा माणूस त्यांनी उभा केला. या चित्रपटास सर्वोत्कृष्ट तमिळ चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तसेच यातील गाण्यासाठी भवतारिणी यांना सर्वोत्कृष्ट पार्श्वगायिकेचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

दक्षिणेतील चित्रपट

‘भारती’नंतर दक्षिणेकडील चित्रपटसृष्टीची दारे शिंदे यांना खुली झाली. मात्र तेथे त्यांच्याकडे आलेल्या भूमिका बहुतांशी राजकारणी, मंत्री, पोलीस अधिकारी किंवा खलनायक अशा होत्या. तमिळमध्ये ‘धूल’ (२००३) आणि ‘अळगिय तमिळ मगन’ (२००७), तर तेलुगूमध्ये ‘टागोर’ (२००३), ‘अतडु’ (२००५), ‘पोकिरी’ (२००६) आणि ‘अरुंधती’ (२००९) हे त्यांचे काही उल्लेखनीय चित्रपट होत.

या भूमिका एका साच्यातल्या वाटल्या तरी त्यांत फरक आहे. ‘अतडु’मधील शिवारेड्डी हा सहानुभूतीच्या लाटेवर निवडणूक जिंकण्यासाठी स्वतःवरच खोटा हल्ला घडवून आणू पाहणारा नेता आहे, त्याच्या या डावातूनच कथानकाला गती मिळते. पुरी जगन्नाथ दिग्दर्शित ‘पोकिरी’मध्ये त्यांनी गुन्हेगारी टोळ्यांचा बीमोड करू पाहणाऱ्या कर्तव्यनिष्ठ पोलीस आयुक्ताची भूमिका केली. कोडी रामकृष्ण दिग्दर्शित ‘अरुंधती’मध्ये त्यांनी अन्वर हा फकीर साकारला. नायिकेवरील संकटाची जाणीव होताच तो तिच्या बाजूने उभा राहतो. तेलुगू प्रेक्षकांमध्ये शिंदे यांना जी लोकप्रियता लाभली, तीत या भूमिकेचा मोठा वाटा आहे.

मराठी रंगभूमीवरून हिंदीत गेलेल्या नटांची परंपरा मोठी आहे. मात्र तेलुगू आणि तमिळ चित्रपटांत इतका दीर्घ काळ आणि इतक्या सातत्याने काम केलेले मराठी नट थोडे आहेत. तेथील गावांत शिंदे यांना ओळखणाऱ्या अनेकांना ते मराठी आहेत याची कल्पनाही नसते.

मराठी आणि हिंदीतील पुढील वाटचाल

दक्षिणेत व्यस्त असतानाही शिंदे यांनी मराठी चित्रपटांशी संबंध कायम ठेवला. नागेश भोसले दिग्दर्शित ‘गल्लीत गोंधळ, दिल्लीत मुजरा’ (२००९) या चित्रपटात मकरंद अनासपुरे यांच्यासमवेत त्यांनी काम केले. गावपातळीवरील राजकारण आणि निवडणुका यांचे उपहासपूर्ण चित्रण त्यात आहे. शेतकऱ्यांच्या दुरवस्थेवरील ‘गोष्ट छोटी डोंगराएवढी’ (२००९) हाही याच सुमाराचा चित्रपट. हेमंत अवताडे दिग्दर्शित आणि नागराज मंजुळे यांची निर्मिती असलेल्या ‘घर बंदूक बिर्याणी’ (२०२३) या चित्रपटात त्यांनी जंगलातील डाकूंच्या म्होरक्याची, पल्लमची भूमिका केली. दरारा आणि विनोद यांचे मिश्रण असलेली ही भूमिका त्यांच्या उत्तरकाळातील वेगळी भूमिका ठरते. हिंदीत ‘सरकार राज’ (२००८), ‘संजू’ (२०१८) आणि ‘अंतिम’ (२०२१) या चित्रपटांतूनही ते दिसले.

अभिनयवैशिष्ट्ये

उंच, धिप्पाड शरीरयष्टी, जाड भरदार आवाज आणि बोलके डोळे ही शिंदे यांची दर्शनी वैशिष्ट्ये होत. या देणगीमुळे चित्रपटसृष्टीने त्यांना प्रामुख्याने सत्ताधाऱ्याच्या भूमिकांत बसवले. तथापि, त्यांच्या उत्तम भूमिकांचे सामर्थ्य या देहयष्टीच्या विरोधात जाण्यात आहे. ‘झुलवा’तील जोगता, ‘भारती’तील दरिद्री कवी आणि ‘अरुंधती’तील फकीर या तिन्ही व्यक्तिरेखा सत्तेच्या बाहेर फेकल्या गेलेल्या माणसांच्या आहेत. तेथे त्यांचा दणकट देह आपला धाक गमावतो आणि त्यामुळेच अधिक करुण वाटतो.

सह्याद्री देवराई आणि बीड जिल्हा

सयाजी शिंदे यांनी लेखक अरविंद जगताप आणि अन्य सहकाऱ्यांसमवेत ‘सह्याद्री देवराई’ हा उपक्रम सुरू केला. देवराई म्हणजे देवाच्या नावाने राखलेले रान. सह्याद्रीच्या परिसरात अशा राईतील झाडावर कुऱ्हाड चालवत नाहीत, वाळलेली काटकीही घरी नेत नाहीत. गावाने पिढ्यान्‌पिढ्या पाळलेल्या या निर्बंधामुळे अनेक ठिकाणी जुनी झाडे, वेली आणि पाण्याचे झरे टिकून राहिले. हीच कल्पना उजाड माळांवर नव्याने रुजवावी, वड, पिंपळ, उंबर, कडुनिंब अशी देशी झाडे लावावीत आणि ती जगवण्याची जबाबदारी स्थानिकांनी घ्यावी, असा या उपक्रमाचा हेतू आहे. विकासकामांत तोडली जाणारी मोठी झाडे मुळासकट उचलून दुसरीकडे लावण्याचे प्रयोगही या चळवळीने केले. शिंदे यांनी आपल्या आईची देशी झाडांच्या बियांनी तुला केली होती.

देवराईची परंपरा मुख्यतः पश्चिम घाटातील, पावसाच्या मुलखातील. ती बीड जिल्ह्यात नेण्याला म्हणूनच वेगळा अर्थ आहे. हा जिल्हा पर्जन्यछायेच्या प्रदेशात येतो. बालाघाटाच्या डोंगररांगा जिल्ह्यातून जात असल्या तरी त्या बहुतांशी बोडक्या आहेत आणि राज्यातील अत्यल्प वनक्षेत्र असलेल्या जिल्ह्यांत बीडची गणना होते. वारंवार पडणारा दुष्काळ आणि दर हंगामात ऊसतोडणीसाठी पश्चिम महाराष्ट्र व कर्नाटकाकडे होणारे मजुरांचे स्थलांतर ही येथील जीवनाची कायमची अंगे बनली आहेत. अशा ठिकाणी रोप लावणे सोपे असते. चार उन्हाळे ते जगवणे हे खरे काम असते.

बीड शहरालगतच्या पालवण येथील वनविभागाच्या डोंगराळ जमिनीवर स्थानिक नागरिक आणि वनविभाग यांच्या सहभागाने देवराई उभी राहिली. १३ व १४ फेब्रुवारी २०२० रोजी येथे वृक्षसंमेलन भरवण्यात आले. साहित्य संमेलनाच्या धर्तीवर आखलेल्या या संमेलनाचे अध्यक्षपद वडाच्या झाडाला देण्यात आले होते. संमेलनास विद्यार्थ्यांचा मोठा प्रतिसाद लाभला. पुढे या परिसराला आगीची झळही बसली. वाळलेल्या गवतातून पसरणारा वणवा हा माळरानावरील प्रत्येक लागवडीपुढचा प्रश्न आहे. त्यामुळे जाळपट्टे काढणे, गवताची वेळीच कापणी करणे आणि पहारा ठेवणे ही कामे रोपे लावण्याइतकीच महत्त्वाची ठरतात.

२०२५ च्या अखेरीस नाशिक येथील तपोवनातील प्रस्तावित वृक्षतोडीलाही शिंदे यांनी जाहीर विरोध केला.

राजकारण

ऑक्टोबर २०२४ मध्ये, महाराष्ट्र विधानसभा निवडणुकीच्या तोंडावर, सयाजी शिंदे यांनी अजित पवार यांच्या नेतृत्वाखालील राष्ट्रवादी काँग्रेस पक्षात प्रवेश केला.

निवडक नाटके

झुलवा
आमच्या या घरात
सखाराम बाइंडर

निवडक चित्रपट

१९९५ – अबोली (मराठी)
१९९९ – शूल (हिंदी)
२००० – भारती (तमिळ)
२००३ – धूल (तमिळ)
२००३ – टागोर (तेलुगू)
२००५ – अतडु (तेलुगू)
२००६ – पोकिरी (तेलुगू)
२००७ – अळगिय तमिळ मगन (तमिळ)
२००८ – सरकार राज (हिंदी)
२००९ – अरुंधती (तेलुगू)
२००९ – गल्लीत गोंधळ, दिल्लीत मुजरा (मराठी)
२००९ – गोष्ट छोटी डोंगराएवढी (मराठी)
२०१८ – संजू (हिंदी)
२०२१ – अंतिम (हिंदी)
२०२३ – घर बंदूक बिर्याणी (मराठी)

हे सुद्धा पहा

वामन केंद्रे
उत्तम बंडू तुपे
सखाराम बाइंडर
सुब्रह्मण्य भारती
देवराई
बीड जिल्हा